बारावं चित्र

"मास्तर, फौजदारसाहेबानं बोलावलं हाय. अन् पोरीले बी संगं आणा म्हणते."

गुणवंता शिपाई वर्गाच्या दारात उभा होता. चपला चिखलानं भरल्या होत्या म्हणून तो आत येत नव्हता. नाना फळ्यावर अपूर्णांकांची बेरीज मांडत होते. त्यांनी हातातला खडू खाली ठेवला नाही.

"कोणत्या पोरीला?"

"तुमच्या. ते काय तिथं बसली."

अख्खा वर्ग माझ्याकडे वळला. मी दहा वर्षांची होते, चौथीत होते, आणि शाळेत नाना माझे वडील नसत, वझलवार मास्तर असत. ते म्हणाले, "शरयू, दप्तर घे." मी दप्तर उचललं. त्यात पाटी होती. पाटीच्या मागे वर्तमानपत्रात गुंडाळलेलं एक चित्र होतं, आणि ते माझं नव्हतं. पंधरा दिवसांपूर्वी मी ते चोरलं होतं.

रस्त्यानं नाना पुढे, मी मागे, आणि गुणवंता कधी त्यांच्या बरोबरीनं तर कधी माझ्या.

"गुणवंता, झालं तरी काय?"

"मले काय सांगते कोणी? ते जपानी बाई आज जाऊन राहिली ना, तिच्या पेटीत कायतरी घावलं. साहेब म्हणे हे काय हाय, तं बाई म्हणे मास्तरच्या शरूले इचारा. आता शरूले काय मालूम, तुमीच सांगा."

नानांच्या धोतराच्या काठावर चिखलाचे थेंब उडत होते आणि ते सावकाश चालायलाही तयार नव्हते.

जपानी बाई म्हणजे फुमीबाई. आमच्या वऱ्हाडातल्या त्या गावात कापूस घेणाऱ्या एका जपानी कंपनीची कचेरी होती. सरकी काढायच्या जिनाच्या मागच्या बंगल्यात मोरीतासाहेब, फुमीबाई आणि त्यांची चार वर्षांची केइको राहत. १९४१ च्या पावसाळ्यात सरकारनं जपान्यांचे व्यवहार बंद केले आणि कचेरीला कुलूप लागलं. मोरीतासाहेब कंपनीचं आवरायला मुंबईला गेले, त्यांना परत येऊ दिलं नाही. आता जपानी माणसांना न्यायला मुंबईत बोट लागली होती आणि ती परवा सुटणार होती. फुमीबाईंना प्रवासाला पोलिसांचा परवाना हवा होता, तो निघायच्या दिवशी सामान तपासूनच मिळणार होता. गाडी पावणेचारची. एवढं तर गावातल्या गुराख्यालाही पाठ होतं. ज्यांची बोट चुकेल त्यांना सरकार तुरुंगात घालणार, असंही लोक बोलत.

आम्ही पोरं बंगल्यावर जायचो ती गोष्टींसाठी. संध्याकाळी फुमीबाई पायरीवर येऊन दोन लाकडी ठोकळे एकमेकांवर आपटायच्या. टक्, टक्. तो आवाज आमच्या आळीपर्यंत यायचा. व्हरांड्यात एका स्टुलावर त्यांची लाकडी चौकट असे. तिला दोन छोटी दारं. दारं उघडली की आत चित्र. बाई मागे बसून गोष्ट सांगत आणि पुढचं चित्र बाजूनं सरकवून काढत, की त्याच्या मागचं दिसे. आम्ही त्याला कागदाचं नाटक म्हणायचो. अर्धी गोष्ट जपानीत, अर्धी मोलकरणीकडून शिकलेल्या मराठीत. आधी एखादी कविता, तीन ओळींची. एक मला अजून येते.

भात कापलं.
बुजगावणं एकटं.
वर तारे.

"पुढे?" आम्ही विचारायचो.

"पुढे नाही," बाई हसायच्या. "तारे. बस."

सगळ्यांत आवडती गोष्ट बेडकाची होती. एका भातशेतात एक बेडूक राहत असतो. आमच्याकडे भात पिकत नाही, त्यामुळे पाणी भरलेलं शेत हीच आम्हाला नवलाची गोष्ट होती. एका रात्री बेडकाला शेतातल्या पाण्यात एक तारा दिसतो. त्याला वाटतं, हा वरून पडला, याला घरी पोचवायला हवं. तो बगळ्याला विचारतो, कोल्ह्याला विचारतो, वाऱ्याला विचारतो. कुणाला वेळ नसतो. शेवटी शेतकरी भात कापायच्या आधी शेतातलं पाणी सोडून देतो आणि पाण्याबरोबर तारा जातो. बेडूक रडतो. रडताना जन्मात पहिल्यांदा मान वर करतो.

बारावं चित्र ते होतं. खालच्या कोपऱ्यात नखाएवढा बेडूक, आणि बाकी सगळा निळा. तसला निळा मी कुठे पाहिला नव्हता. त्यात एकच तारा, सोन्याच्या भुकटीचा, हात लावला तर बोटाला लागेल असा. एक दिवस केइको पडली म्हणून बाई आत धावल्या. चौकट तशीच राहिली. मी ते पाटीमागे सरकवलं. घरी आई रोज सगळं झाडायची, म्हणून ते मी दप्तरातच ठेवलं होतं, पंधरा दिवस.

ठाण्याच्या ओसरीवर फुमीबाईंच्या पेट्या उघड्या पडल्या होत्या. साड्यांसारखे लांब रेशमी कपडे, केइकोची लाकडी बाहुली, चहाची किटली, सगळं सतरंजीवर. बाई आतल्या खोलीत बाकावर बसल्या होत्या, केइको त्यांच्या मांडीवर झोपली होती. दार अर्धं लोटलेलं. मला पाहून त्यांनी मान किंचित वाकवली, मोठ्या माणसाला करतात तशी. मी खाली पाहिलं.

भिंतीवरच्या घड्याळात दोनला दहा मिनिटं कमी होती.

"या मास्तर, बसा," ठोसर फौजदार म्हणाले. जाडजूड, टक्कल पडलेला माणूस, सतत घाम पुसणारा. "पोरगी हीच? उभी राहा वं इथं. घाबरू नको."

ओसरीवरच्या टेबलाशी भिकुलाल मुनीम बसले होते. कापसाच्या दलालाकडचे मुनीम, तरुणपणी तीन वर्षं जपानात ओसाकाला राहून आलेले. त्यांच्यासमोर अकरा चित्रं एका ओळीत मांडली होती. बाजूला ती चौकट.

"मास्तर, हे पाहा," फौजदारांनी बगळ्याचं चित्र उचललं. "पुढून काय आहे? बगळा झोपला. बरोबर? आता मुनीमजी, मागचं वाचा."

मुनिमांनी चष्मा कपाळावरून खाली ओढला. "पोरांचं अक्षर हाय, सोपं हाय. लिवलंय का, आज रात्री पाणी सोडणार. दिवा घेऊन बांधावर ये."

"ऐकलं? पुढून बगळा, मागून बांधावर दिवा घेऊन ये. आता हे घ्या. पुढून कोल्हा. मागून?"

"वारा उत्तरेकडून येईल, त्याच्याबरोबर जा."

"एकाचाही मेळ बसत नाही, मास्तर. एकाचाही. पाणी कोणतं सोडणार? कोणता बांध? मला वरून रोज कागद येतो, डोळ्यांत तेल घाला म्हणून. उद्या साहेबानं विचारलं, ठोसर, तुमच्या नाकाखालून काय गेलं, तर मी काय सांगू, बगळा गेला?"

"ही मुलांची गोष्ट असेल," नाना म्हणाले.

"असेल. मी कुठं नाही म्हणतो? बाई तेच म्हणते. पण बाईचं मराठी म्हणजे मीठ, साखर, ताप आला, इतकंच. मुनीमजींचं जपानी म्हणजे कापसाच्या गठाणी आणि भाव."

"जादा नाही येत," मुनीम म्हणाले. "झूठ कायले बोलू."

"म्हणून तुमच्या पोरीला बोलावलं. ती सांगेल आणि आत बाई सांगेल. मेळ बसला तर मी परवान्यावर सही करतो, पावणेचारला त्या गाडीत. नाही बसला तर आज गाडी नाही." त्यांनी टेबलावरच्या एका छापील कागदावर हात ठेवला. तिथे सहीची जागा कोरी होती. "सांग बेटा."

गुणवंतानं मला पाणी दिलं. मग मी फौजदारांना म्हटलं, "ते तसं नसतं वाचायचं."

"मग कसं?"

"चौकटीत घालून."

मी चित्रं गोळा केली, एकावर एक रचली आणि चौकटीत सरकवली. "तुम्ही पुढे बसा," मी म्हटलं. फौजदार खुर्ची घेऊन खरंच पुढे बसले. गुणवंता त्यांच्या मागे. मुनिमांना मी माझ्याजवळ मागे बोलावलं.

"बाई इथे बसतात. त्यांना पुढचं चित्र दिसत नाही, त्यांना फक्त गठ्ठ्याची पाठ दिसते. आता हे पहिलं चित्र मी काढलं आणि मागे ठेवलं. आता पुढे काय दिसतं?"

"बेडूक पाण्यात पाहून राहिला," गुणवंता म्हणाला.

"आणि मुनीमकाका, आता तुमच्यासमोर काय आलं? ते वाचा."

मुनिमांनी वाचलं. "बेडकानं पाहिलं, पाण्यात एक तारा हाय."

मी आणखी एक चित्र मागे ठेवलं. मग आणखी एक. बगळ्याचं चित्र पुढून निघून मागे आलं तेव्हा पुढे बांधावर एक म्हातारा बेडूक आणि काजवा घेतलेला छोटा बेडूक होते, आणि मुनिमांनी स्वतःच मोठ्यानं वाचलं, "आज रात्री पाणी सोडणार. दिवा घेऊन बांधावर ये." आणि मग हसले. "अरे, हा तर म्हातारा बेडूक छोट्या बेडकाला सांगतो. साहेब, जे कागद मागं ठेवते त्याच्या पाठीवर पुढच्या चित्राचं लिवलेलं हाय. माझं डोकं पण, गठाणीचं."

फौजदारांनी घाम पुसला. ते उठले, आत गेले, आणि बाईंकडून तीच गोष्ट ऐकून आले. केवढे सुटल्यासारखे दिसले. "मेळ बसतो," ते नानांना म्हणाले. "बगळा, कोल्हा, वारा, सगळं बसतं. मास्तर, पोरगी हुशार आहे तुमची. हिला शिकवा."

नानांनी पहिल्यांदाच खुर्चीला पाठ टेकवली.

अडीच वाजले होते. फौजदारांनी टाक दौतीत बुडवला. मला वाटलं, आता सुटलो.

"साहेब," मुनीम म्हणाले. ते चित्रं परत गोळा करत होते. "याच्यावर कोपऱ्यात नंबर हाय. एक ते अकरा हाय. पण पहिल्या चित्राचं लिवलेलं कुठंच नाही. सुरवातच नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे अजून एक कागद पायजे. बारावा. त्याच्या पाठीवर सुरवात असंल."

टाक दौतीवर थांबला. फौजदारांनी माझ्याकडे पाहिलं. "बारावं होतं?"

मी हो म्हटलं.

"मग कुठं गेलं?"

दप्तराचा पट्टा माझ्या खांद्यावर होता. मी तो दोन्ही हातांनी धरला. मला एकच गोष्ट दिसत होती, नानांचे हात. ते गुडघ्यांवर होते आणि बोटांवर खडू होता. मी म्हटलं, "माहीत नाही."

फौजदार आत गेले. दार अर्धंच होतं, त्यामुळे आम्हाला ऐकू येत होतं.

"बाई, बारावा कागद कुठाय?"

मग फुमीबाईंचा आवाज. "जाळलं."

"कोणी जाळलं?"

"मी. चुलीत."

"कायले?"

"खराब झालं. पाणी पडलं."

फौजदार बाहेर आले ते वेगळेच. त्यांनी वही ओढली आणि त्यात काहीतरी लिहिलं. नंतर टाक पुसून ठेवला. "बारा कागदांतला एकच कागद माणूस जाळतो, तोही सुरुवातीचा? गुणवंता, सामान बांधू नको. टांगेवाल्याला जा म्हण. मास्तर, तुम्ही पोरीला घेऊन जा. आजची गाडी नाही आता. मी नागपूरला तार करतो. ते सांगतील तसं."

"पण बोट परवा आहे," नाना म्हणाले.

"मला काय बोट दिसत नाही का? मलाही बायकापोरं आहेत. पण कागद कोणाला दिला, हे मला विचारतील, बाईला नाही."

आत केइको जागी होऊन रडायला लागली. बाई तिला थोपटत काहीतरी गुणगुणत होत्या, तीन ओळींचं असावं, ते पुन्हा पुन्हा तेच येत होतं.

मी पाटी काढली. वर्तमानपत्र सोडलं. चित्र टेबलावर ठेवलं. ठेवताना तारा माझ्या अंगठ्याला लागला, तो सोनेरी ठिपका मला अजून दिसतो.

"मी घेतलं होतं," मी म्हटलं. "बंगल्यावरून. न विचारता."

नाना उभे राहिले आणि परत बसले. मुनिमांनी चित्र उलटं केलं आणि सवयीनं मोठ्यानं वाचलं. "एका भातशेतात एक बेडूक राहत होता."

मला वाटलं होतं की मी गोष्टीचा शेवट चोरलाय, आणि शेवटापर्यंत कुणाला कळणार नाही. पण सुरुवात त्याच कागदावर होती. दुसऱ्याच दिवशी बाई चौकटीमागे बसल्या तेव्हा पहिल्या ओळीलाच त्यांना कळलं असणार. त्या दिवसापासून त्या सुरुवात सांगताना खाली बघत नव्हत्या, माझ्याकडे बघत होत्या. आणि अकरावं चित्र झालं की चौकटीची दारं लावून म्हणत, "शेवट शरू सांगेल." मला वाटायचं मी लाडकी आहे म्हणून. मी पंधरा दिवस सगळ्या पोरांसमोर उभी राहून शेवट सांगितला होता.

"मुनीमजी, बाईंना बाहेर आणा," फौजदार म्हणाले.

फुमीबाई केइकोला कडेवर घेऊन दारात आल्या. टेबलावरचं चित्र पाहिलं, मग माझ्याकडे. त्यांचा चेहरा पांढरा झाला. मी त्यांना वाचवते आहे असं मला वाटत होतं.

"बाई, तुम्ही म्हणालात जाळलं. हे काय?"

"दिलं," त्या लगेच म्हणाल्या. "मी दिलं शरूला. भेट."

"मघाशी जाळलं, आता दिलं? मी मघाशीच वहीत लिहिलंय, जाळलं म्हणून. शाईनं." फौजदारांनी वही उलटी करून दाखवली, जणू बाईंना वाचता येणार होतं. "मास्तर, तुम्हीच सांगा, मी काय करू? बाई पोलिसांपुढं खोटं बोलली. का बोलली?"

"माझ्या मुलीसाठी," नाना म्हणाले. त्यांचा आवाज वर्गातला नव्हता.

"ते मला कळतं. नागपूरला कळणार आहे?"

घड्याळात तीन वाजून गेले होते. फौजदार येरझाऱ्या घालायला लागले. ते वाईट माणूस नव्हते, हे मला नंतर खूप वर्षांनी म्हणता आलं. त्या क्षणी मला ते फक्त मोठे वाटत होते.

"एक रस्ता आहे," ते थांबले. "चोरी झाली म्हणून बाईनं लिहून द्यायचं. ज्याच्या घरी चोरी होते तो फिर्यादी. फिर्यादीवर संशय कसला? कागद गेला, बाईला सापडला नाही, घाबरून तोंडाला आलं ते बोलली, संपलं. पोरगी लहान आहे, समज देऊन सोडतो. बाई, चोरी, कळतं? शरू चोरी. तुम्ही इथं अंगठा द्यायचा, किंवा सही. मग गाडी."

फुमीबाईंना सगळं कळलं नसेल, पण चोरी कळलं. त्यांनी केइकोला खाली ठेवलं.

"नाही. शरू चोर नाही. लहान. मी दिलं."

"बाई, गाडी जाईल."

"गाडी जाईल," त्या म्हणाल्या, आणि सतरंजीवर, त्या उघड्या पेट्यांच्या मधोमध, गुडघे दुमडून बसल्या. हात मांडीवर. केइको त्यांना बिलगली. त्या आता कुणाकडेच पाहत नव्हत्या. त्यांचा नवरा मुंबईत बंदरावर त्यांची वाट पाहत होता आणि त्या इथे अशा बसल्या होत्या जसं काही संध्याकाळ आहे आणि आम्ही गोष्टीला यायचे आहोत.

गुणवंता हळूच म्हणाला, "आता हे उठत नाही, साहेब."

"मास्तर, तुम्ही काहीतरी बोला तिला. तुमच्या पोरीपायी चाललंय."

नाना उठले. मला वाटलं ते मला मारतील. ते टेबलाशी गेले आणि म्हणाले, "फिर्याद नसेल तर कबुली चालेल का?"

फौजदार म्हणाले, "चालेल. पण मास्तर, विचार करा. हा कागद सरकारी होतो. तो इथं राहणार. उद्या पोरीच्या लग्नाच्या वेळी कुणी काढला तर? तुमची नोकरी शाळेतली."

"चालेल का, तेवढं सांगा."

"चालेल. ती लिहील आणि खाली बाप म्हणून तुम्ही सही करायची."

"शरयू, इकडे ये."

त्यांनी मला खुर्चीवर बसवलं. माझी हनुवटी टेबलाला लागत होती, म्हणून त्यांनी खाली माझं दप्तर ठेवलं आणि मी त्यावर बसले. टाक त्यांनीच बुडवून दिला, शाई झटकून. फौजदार सांगतील तसं मी लिहिलं. मी, शरयू नीळकंठ वझलवार, वय दहा, इयत्ता चौथी, हिने मोरीता यांच्या बंगल्यातून एक रंगीत चित्र त्यांच्या नकळत चोरले. ते मी आज स्वतःहून परत केले. बाईंनी मला काही दिले नाही व सांगितले नाही.

चोरले हा शब्द लिहिताना टाक अडला. नाना म्हणाले, "सावकाश." शाळेत ते कधी कुणाला सावकाश म्हणत नसत.

मी सही केली. जन्मातली पहिली सही. त्याखाली नानांनी केली, पूर्ण नाव, हुद्दा, शाळेचं नाव, तारीख. त्यांचं अक्षर फळ्यावरच्यासारखंच आलं, एकही रेघ हलली नाही. फौजदारांनी कागद वहीत ठेवला आणि परवाना पुढे ओढला. सही, शिक्का. तीन वाजून वीस मिनिटं.

"चला, चला, गुणवंता, टांगा परत बोलाव, सामान भर. मुनीमजी, ती चित्रं द्या त्यांची. बाराच्या बारा द्या."

फुमीबाई उठल्या नाहीत. त्यांनी टेबलावरच्या वहीकडे बोट केलं.

"शरू काय लिहिलं?"

फौजदार शिक्क्यावर फुंकर मारत थांबले. मुनीम चष्मा पुसायला लागले. मराठी वाचणारे तिथे सगळेच होते, बाईंशिवाय.

नाना त्यांच्यासमोर गेले. मघाशी मी ज्या हातांकडे पाहत होते ते त्यांनी जोडले.

"तुम्ही दिलंत, असं लिहिलंय तिनं," ते म्हणाले. "भेट दिलीत. तुमचं म्हणणं साहेबांनी मानलं."

"चोर नाही?"

"नाही."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. "खरं, शरू?"

मी नानांकडे पाहिलं नाही. मी मान डोलावली.

मग त्या उठल्या. फौजदारांसमोर वाकल्या, मुनिमांसमोर वाकल्या, आणि नानांसमोर इतक्या खाली वाकल्या की नाना मागे सरले. माझ्याजवळ येऊन त्यांनी माझ्या अंगठ्यावरचा सोनेरी ठिपका पाहिला, पदर नव्हताच त्यांना, बाहीनं पुसायला गेल्या, आणि न पुसताच हात सोडला. केइको टांग्यात चढली तेव्हा आम्हाला हात हलवत होती आणि कोणाला हलवायचा हे तिला ठरवता येत नव्हतं. गुणवंता पेट्यांवर बसून बरोबर गेला. फौजदारांनीच त्याला सांगितलं होतं, गाडी थांबवायची वेळ आली तर थांबव, माझं नाव सांग.

आम्ही ठाण्याच्या ओसरीवर उभे राहिलो. स्टेशन तिथून दिसत नसे. नानांनी मला जा म्हटलं नाही, आणि स्वतःही हलले नाहीत. पावणेचारनंतर थोड्या वेळानं शिट्टी ऐकू आली, मग जिनाच्या मागून धूर. मुनीम म्हणाले, "निघाली." फौजदार आत जाऊन बसले होते.

शाळा सुटली होती. आम्ही सरळ घराकडे चालायला लागलो. वाटेत तीन माणसं भेटली, तिघांनी विचारलं, मास्तर, ठाण्यात कशाला, आणि नानांनी तिघांनाही नुसता नमस्कार केला. मी त्यांच्या बरोबरीनं चालत होते. मागे राहायला लागले की ते थांबत.

आता माझी नव्वदी उलटली आहे. तो कागद पुढे कुठे गेला मला माहीत नाही. माझ्या लग्नाच्या वेळी कुणी तो काढला नाही, किंवा काढला असेल तर नानांनी मला सांगितलं नाही. फुमीबाईंचं पुढे काय झालं, त्या बोटीचं काय झालं, युद्धात त्यांच्या गावाचं काय झालं, हे विचारायला माझ्याकडे कुणीच नव्हतं. त्या चित्राबद्दल नाना माझ्याशी कधी एक शब्दही बोलले नाहीत, आणि त्या दिवशी त्यांनी मला हातही लावला नाही. मी रात्रभर वाट पाहिली होती.

त्या संध्याकाळी घरी पोचलो तेव्हा आई अंगणात कणसं सोलत बसली होती. तिच्या कानावर काहीतरी आलं होतंच. तिनं आधी माझ्याकडे पाहिलं, मग नानांच्या बोटांकडे. जिथे खडू होता तिथे आता शाई होती.

"काय झालं हो ठाण्यात?"

नानांनी पायावर पाणी घेतलं. एक तांब्या, मग दुसरा.

"काही नाही," ते म्हणाले. "गाडी मिळाली त्यांना."